गुऱ्हाळ बंद, मीटर बंद, मग पावणेदोन लाखांचं बिल कशाचं?

या वेळचं पत्र शिराळा तालुक्यातनं आलंय, वारणाकाठच्या एका गुऱ्हाळवाल्या भावाचं. मोठं आहे म्हणून थोडक्यात सांगते.

ते लिहितात, "ताई, आमचं गुऱ्हाळ वडिलांच्या नावावर आहे, वडील जाऊन तीन वर्षं झाली. २५ एचपीचं इंडस्ट्रियल कनेक्शन. दिवाळी झाली की चूल पेटते आणि मार्चअखेर बंद होते, नंतरचे सात महिने तिथं एक बल्ब आणि राखणदाराचा पंखा, बास. जूनमध्ये मीटरचा डिस्प्ले गेला. मी वीज कंपनीच्या सेक्शन ऑफिसला जाऊन तोंडी सांगितलं, ते बघतो म्हणाले. जून ते सप्टेंबर बिलं साधी नऊशे-साडेनऊशेची आली, मी भरली. आता ऑक्टोबरचं बिल आलं १,७८,००० रुपयांचं! विचारलं तर म्हणतात मीटर फॉल्टी होता, पाच महिन्यांचं अ‍ॅव्हरेज लावलंय, महिन्याला ४,१०० युनिट. पंधरा दिवसात भरा नायतर लाईन तोडणार. गुळव्याला (गूळ करणाऱ्या कारागिराला), टोळीला उचल दिलीय, ऊस उभा आहे. भाऊ म्हणतो एक रुपया भरू नको, मार्केट यार्डातले अडते म्हणतात ग्राहक कोर्टात जा, वायरमन म्हणतो अर्धं भरून मिटवून टाका. काय करू? आणि गुऱ्हाळाला सीझनचा वेगळा रेट असतो म्हणतात तो आम्हाला का नाही?"

भाऊ, पत्र वाचून पोटात कालवलं, कारण हे आमच्या घरात झालंय. सांगलीत आमची हळद पॉलिशची छोटी गिरणी होती, तीही अशीच तीन-चार महिने चालायची. एका पावसाळ्यात मीटर बंद पडला आणि दसऱ्याच्या तोंडावर असंच भलंमोठं बिल. बाबा साधा माणूस, त्यांनी लाईन जाईल या भीतीनं दागिने ठेवून सगळं भरून टाकलं आणि कुठंही एका ओळीनं लिहिलं नाही की हे मला मान्य नाही. नंतर आम्ही भांडायला गेलो तेव्हा जुना मीटर कुठं गेला ते कुणालाच सांगता येईना. बाबांच्या डायरीत निळ्या पेनानं लिहिलेलं होतं, "आज ड्रम बंद केला, मोटरचा पट्टा काढून ठेवला", तारखेसकट, पण तोवर डायरी बघणारं कुणी उरलं नव्हतं. म्हणून तुम्हाला आधी तेच सांगते जे आम्हाला कुणी सांगितलं नाही.

आज पहिलं काम, जुना मीटर हलू देऊ नका. म्हणजे बदलायला नको असं नाही, बदलायला पाहिजेच, पण तो काढताना जागेवर पंचनामा करून घ्या, मीटरचा नंबर, सील कसं होतं, डिस्प्ले बंद होता हे सगळं त्यात लिहिलेलं पाहिजे, खाली तुमची सही आणि काढणाऱ्याची सही, आणि मोबाईलवर फोटो. का सांगते, तर डिस्प्ले गेला म्हणजे मीटर मेला असं नसतं. कितीतरी वेळा नुसती स्क्रीन जाते आणि आतल्या मेमरीत युनिट नोंदत राहतात. ती नोंद एमआरआय नावाच्या यंत्रानं काढता येते, तिथं नाही निघाली तर मीटर बनवणाऱ्या कंपनीकडं पाठवून डेटा काढून घेता येतो. तुम्ही खरंच बंद होता ना? मग तुमचा सगळ्यात मोठा साक्षीदार त्या डबीत बसलाय. लेखी मागणी करा की मीटर लॅबला माझ्यासमोर तपासा, डेटा काढा आणि रिपोर्टची कॉपी मला द्या. तोंडी अजिबात नको. जूनमध्ये तुम्ही तोंडी सांगितलंत तिथंच घोटाळा झाला, आज तुमच्याकडं त्या दिवसाचा एक कागद असता तर निम्मं भांडण संपलं असतं. (असो, झालं ते झालं, पण तेव्हा फोन केला असेल, कुणाला व्हॉट्सअ‍ॅपवर फोटो पाठवला असेल तर ते चॅट जपून ठेवा.)

आता दुसरं, बिल हातात घ्या आणि ते नेमकं कशाचं आहे ते बघा. बरेच लोक रक्कम बघूनच गडबडतात आणि सगळ्यात महत्त्वाची गोष्ट बघायची राहते. बिलासोबत किंवा वेगळ्या पत्रात कुठं "कलम १२६" लिहिलंय का? "अनधिकृत वापर" असा शब्द आहे का? असेल तर रस्ता पूर्ण वेगळा आणि घड्याळ फार फास्ट. वीज कायदा २००३ च्या १२६ खाली आधी तात्पुरता आकारणी आदेश येतो, त्यावर लगेच हरकत द्यावी लागते (मान्य असेल तर सात दिवसात पैसे भरायचे असतात), नंतर अंतिम आदेश, दर दुप्पट, आणि त्यावर अपील करायचं तर ३० दिवसात, तेही निम्मी रक्कम आधी भरून, आपल्याकडं विद्युत निरीक्षकांकडं. तुमच्या पत्रावरनं तसं वाटत नाही, हे सरळ फॉल्टी मीटरचं अ‍ॅव्हरेज बिल दिसतंय. तरी खात्री करा, एखादा शब्द नजरेतनं सुटला तर महिना वाया जातो.

अडत्यांना माझा निरोप सांगा की ग्राहक कोर्टाचा सल्ला प्रेमानं दिलाय पण इथं तो कामाचा नाही. १२६ च्या आकारणीवर ग्राहक न्यायालय ऐकू शकत नाही असं सुप्रीम कोर्टानं २०१३ मध्ये अनिस अहमदच्या केसमध्ये सांगून टाकलंय, आणि साध्या बिलाच्या भांडणातही धंद्यासाठी घेतलेलं कनेक्शन म्हटलं की तुम्ही त्या कायद्याखाली "ग्राहक" आहात का नाही यावरच वर्ष जातं. तुमचं दार दुसरं आहे, ते पुढं सांगते.

आता हिशोब. मला हा भाग तुमच्यासोबत बसून करायचाय, बिलांची फाईल काढा. तुम्ही युनिट दिलेत ते असे, नोव्हेंबर २,६००, डिसेंबर ४,१००, जानेवारी ४,३००, फेब्रुवारी ३,९००, मार्च २,८००. बेरीज १७,७००. एप्रिल ते ऑक्टोबर सातही महिने मिळून साधारण ३००. म्हणजे अख्ख्या वर्षाला १८,००० युनिट. आणि कंपनीनं लावलेत ४,१०० गुणिले ५, म्हणजे २०,५००. बघा हे, गुऱ्हाळ बंद असलेल्या पाच पावसाळी महिन्यांत तुम्ही पूर्ण सीझनसकटच्या वर्षापेक्षा जास्त वीज जाळली असं ते बिल म्हणतंय! डिसेंबर, जानेवारी, फेब्रुवारी या तीन भरात चाललेल्या महिन्यांचं अ‍ॅव्हरेज काढून ते जूनला चिकटवलंय. हे एवढं एक वाक्य तुमच्या अर्जात सगळ्यात वर आलं पाहिजे, कुठलंही कलम न लिहिताही समोरचा माणूस थांबून विचार करेल.

आणि कलम हवंच असेल तर तेही आहे. महाराष्ट्र विद्युत नियामक आयोगाची पुरवठा संहिता, २०२१ ची. त्यात मीटर नोंद करायचा थांबला असेल तर बिल कसं लावायचं ते स्पष्ट लिहिलंय, जास्तीत जास्त तीन महिन्यांचं, आणि तेसुद्धा आधीच्या बारा महिन्यांच्या मीटरवरच्या वापराच्या सरासरीनं. पाच महिने नाही, तीन. भरातल्या तीन महिन्यांचं अ‍ॅव्हरेज नाही, बारा महिन्यांचं. तुमचं बारा महिन्यांचं अ‍ॅव्हरेज आलं १,५००, गुणिले तीन, ४,५०० युनिट. त्यांच्याच बिलाच्या प्रमाणात काढलं तर ३९,००० च्या आसपास. म्हणजे काहीही सिद्ध झालं नाही, मीटरमधनं डेटा निघाला नाही, तरी नियमानं १,७८,००० होत नाहीत.

इथं खरं ते सांगते, उगाच आशा लावत नाही. बारा महिन्यांचं अ‍ॅव्हरेज हेसुद्धा तुमच्यासारख्यावर अन्यायच आहे, कारण त्यात सीझनची वीज बंद महिन्यांवर पसरते. नियम बनवताना वर्षभर सारखं चालणारं दुकान डोळ्यासमोर असतं, गुऱ्हाळ नाही. म्हणून ३९,००० वर समाधान मानायचं का त्याच्याही खाली जायचं हे तुमच्या कागदांवर ठरणार. जून ते ऑक्टोबर घाणा फिरलाच नाही हे दाखवायचं कशानं? गुऱ्हाळवाल्याकडं कागद नसतो असं सगळे म्हणतात, ते खरं नाही, फक्त तो वीजबिलाच्या फाईलमध्ये नसतो. अडत्याच्या पट्ट्या, म्हणजे विक्रीच्या पावत्या काढा, शेवटचे रवे (गुळाच्या ढेपा) कधी गेले, पुन्हा कधी पहिले गेले. गुळव्याच्या उचलीची वही, टोळी कधी गेली ती तारीख. आधणांची, म्हणजे रसाच्या उकळलेल्या कढयांची, नोंद ठेवता ना, रोज किती आधणं उतरली ती? त्या वहीचं मार्चचं शेवटचं पान आणि नंतरची कोरी पानं, दोन्हींचे फोटो. चुना, भेंडी, साखरपोती-बारदान घेतल्याची बिलं कुठल्या महिन्यात थांबतात ते. मागच्या दोन-तीन वर्षांची जून ते ऑक्टोबरची वीजबिलं, कारण तेव्हा मीटर धड होता आणि तेव्हाही युनिट ३०-४० च दिसतात, हा पुरावा त्यांच्याच कॉम्प्युटरमधला आहे. ग्रामपंचायतीचा किंवा तलाठ्याचा दाखला मिळाला तर जोडा, पण माझ्या मते आधणाची वही त्याच्यापेक्षा वजनदार, ती रोजच्या हातानं लिहिलेली असते, त्यावर गुळाचे डाग असतात, ती कुणी भांडणासाठी बनवलेली नसते.

पैसे भरायचे का नाही, यावर भाऊ एक सांगतो वायरमन एक सांगतो, दोघांचंही ऐकू नका. काहीच नाही भरलं तर लाईन तोडायचं कारण तुम्ही स्वतःच दिलंत. अर्धं भरून "मिटवलं" तर कशाचं मिटवलं याचा कागद नाही, उरलेलं पुढच्या बिलात थकबाकी म्हणून व्याजासकट उभं राहतं आणि वर ते म्हणतात यांनी मान्य करून भरलंय. कायद्यात तुमच्यासाठी तिसरा रस्ता आहे. कलम ५६. पहिलं म्हणजे लाईन तोडायच्या आधी पूर्ण पंधरा दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते, बिलावरच्या शेवटच्या तारखेनंतर कुणी शिडी घेऊन आला की ती नोटीस झाली असं नसतं. दुसरं म्हणजे, बिलावर वाद असेल आणि तुम्ही "अंडर प्रोटेस्ट", हरकत नोंदवून, ठराविक रक्कम भरली तर वाद मिटेपर्यंत लाईन तोडता येत नाही. ती रक्कम म्हणजे, मागितलेली सगळी रक्कम किंवा आधीच्या सहा महिन्यांत तुम्ही भरलेल्या बिलांच्या सरासरीनं दर महिन्याचं येणारं, यातलं जे कमी असेल ते.

आता नीट वाचा, आधीच्या सहा महिन्यांत भरलेलं. आत्ता नोव्हेंबरच्या तोंडाला मागं सहा महिने बघितले तर तुमची सगळी बिलं बंदच्या काळातली, नऊशे-साडेनऊशेची. तुम्ही ती वेळेवर भरलीत हे फार बरं केलंत, तीच आता उपयोगाला येणार. हाच अर्ज फेब्रुवारीत केलात तर मागच्या सहा महिन्यांत डिसेंबर-जानेवारीची जाड बिलं येणार आणि भरायची रक्कम कितीतरी वाढणार. त्यामुळं सीझन सुरू झाल्यावर बघू, आधी घाणा चालू करू, असं करू नका. सीझनवाल्यासाठी तारीख म्हणजेच पैसा आहे. या आठवड्यात अर्ज, या आठवड्यात भरणा. चेक किंवा ऑनलाईन, आणि सोबत पत्र, "सदर रक्कम वीज कायदा २००३ कलम ५६ नुसार हरकत राखून भरत आहे", त्यावर ऑफिसचा आवक नंबर, शिक्का, तारीख. नाही घेतलं तर रजिस्टर्ड पोस्टानं, पोच पावतीसकट. आणि चालू महिन्याची बिलं मात्र नियमित भरत राहा, ती वादात धरू नका.

दार कुठलं ते सांगते म्हणाले होते. आधी उपविभागाला लेखी तक्रार. तिथं हललं नाही तर ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंच, सांगलीवाल्यांसाठी तो कोल्हापूरला बसतो. वीज कायद्याच्या ४२ व्या कलमानंच प्रत्येक वितरण कंपनीला हा मंच ठेवावा लागतो. वाद सुरू झाल्यापासून दोन वर्षांच्या आत जायचं, पण तुम्हाला तेवढा वेळ घालवायचा नाहीच. मंचानं साठ दिवसात निकाल द्यायचा असतो, आणि तोवर लाईन तोडू नये असा अंतरिम आदेश द्या अशी विनंती पहिल्याच अर्जात करा, वेगळ्या कागदावर, कारण मोठ्या अर्जाच्या पोटात लिहिलेलं कुणाच्या लक्षात येत नाही. वकील लावलाच पाहिजे असं काही नाही, मी तर म्हणते तुम्हीच बोला, गुऱ्हाळ कधी चालतं कधी बंद असतं हे तुमच्याइतकं कोण सांगणार. निकाल विरुद्ध गेला तर साठ दिवसांत विद्युत लोकपालांकडं, आपल्या भागाला ते मुंबईला.

वडिलांच्या नावाचं म्हणाल तर वारस म्हणून तुम्ही तक्रार करू शकता, मृत्यू दाखला आणि वारसाचा कागद जोडा. पण तीन वर्षं झाली, नाव बदलायचा अर्जही याच आठवड्यात टाका, उद्या त्यावरनंच कुणी फाईल बाजूला ठेवायला नको.

सीझनच्या रेटचं. तुम्ही ऐकलंय ते खोटं नाही, पण ते उच्चदाबाच्या म्हणजे एचटी कनेक्शनचं आहे. आयोगाच्या दर आदेशांमध्ये सीझनल उद्योग असा वेगळा प्रकार आहे, वर्षात जास्तीत जास्त नऊ महिने चालणारे, त्यात कापूस जिनिंग, खांडसारी आणि गूळ अशी नावं घेतलेली आहेत आणि साखर कारखाने मात्र मुद्दाम वगळलेत. त्याचा खरा फायदा बंद काळात होतो. साध्या एचटी ग्राहकाची मागणी (डिमांड, म्हणजे एका वेळी ओढलेला जास्तीत जास्त भार) मोजताना आधीच्या अकरा महिन्यांतल्या सगळ्यात मोठ्या आकड्याचे ७५ टक्के धरतात, म्हणजे जानेवारीचा एक पीक डिसेंबरपर्यंत मानेवर बसतो, सीझनलवाल्याला जाहीर केलेल्या बंद काळात प्रत्यक्ष नोंदलेल्या मागणीवरच बिल लागतं. तुमचं २५ एचपी म्हणजे १८.६५ किलोवॅट, लघुदाब, त्याला हे लावता येत नाही. मिरज-कुपवाडकडचे एचटी कनेक्शनचे सीझनल उद्योगवाले हे वाचत असतील तर त्यांनी आपला सीझन लेखी जाहीर केलाय का ते आजच बघावं.

तुम्ही शेवटी लिहिलंय की पुढच्या वर्षी ३० एचपी मोटर टाकायचा विचार आहे. ३० एचपी म्हणजे २२ किलोवॅटच्या वर. २० किलोवॅटची रेघ ओलांडली की बिलाचा प्रकार बदलतो, कनेक्शनमागच्या साध्या स्थिर आकाराऐवजी डिमांडवर पैसे लागतात आणि ते चूल बंद असतानाही लागतात. एवढं गाळप खरंच वाढणार आहे का याचा हिशोब घालूनच ठरवा. आणि मंजुरी न घेता मोटर बदलू नका, मंजूर भारापेक्षा जास्त भार वापरणं १२६ मध्येच येतं असं सुप्रीम कोर्टानं २०११ ला ओडिशाच्या सीताराम राईस मिलच्या केसमध्ये म्हटलंय. आत्ता तुमची बाजू स्वच्छ आहे, ती तशीच राहू दे.

अजून एक, कारण पत्रात तुमच्या भावानं म्हटलंय की "दोन वर्षं ताणलं की बिल आपोआप मरतं". मरत नाही. ५६ च्या दुसऱ्या पोटकलमात दोन वर्षांची मुदत आहे हे खरं, पण २०२० मध्ये रहमतुल्ला खानच्या निकालात सुप्रीम कोर्टानं सांगितलं की रक्कम देय होते ती बिल दिल्यावर, आणि दोन वर्षांनंतर लाईन तोडायचा हक्क गेला तरी वसुलीचे बाकीचे मार्ग राहतात. शिवाय बिलात दर महिन्याला थकबाकी दाखवत राहिले तर मुदतीचा प्रश्नच येत नाही. तुमच्या बाजूनं एवढा चांगला हिशोब असताना ताणत बसायचं कशाला?

नवा मीटर बसला की पहिलं आधण चढवायच्या आधी रीडिंगचा फोटो काढा, शेजारी त्या दिवसाचा पेपर धरून, म्हणजे तारीख दिसेल. मार्चमध्ये चूल विझली की पुन्हा तसाच फोटो आणि उपविभागाला दोन ओळींचं पत्र, अमुक तारखेला गुऱ्हाळ बंद केलं, रीडिंग इतकं, शिक्का मारून घ्या. ऑफिसात म्हणतील याची काय गरज नाही. तरी द्या, दरवर्षी द्या.

अर्जाचा मसुदा करून पाठवा, मी बघून देते, आकडे माझ्याकडं लिहून ठेवलेत. आणि मीटर काढायला माणूस कधी येतोय ते आजच विचारून घ्या, त्या दिवशी तुम्ही गुऱ्हाळावरच थांबा.